गाव तेच, जिल्हा कोणता?

रितेश देशमुखचा जन्म १९७८चा, लातूरचा. म्हणजे लातूर जिल्ह्यातला? छे! लातूर जिल्हा झाला १९८२ साली. त्याआधी लातूर उस्मानाबाद जिल्ह्यात होतं, आणि त्या उस्मानाबादचंही आता धाराशिव झालंय.

वडिलांच्या जन्मस्थळाची नोंद आणखी अवघड. विलासराव १९४५ साली बाभळगावात जन्मले, तेव्हा तिथे निजामाचं राज्य. १९४८मध्ये हैदराबाद संस्थान भारतात आलं, १९५६मध्ये मराठवाडा मुंबई राज्याला जोडला गेला, १९६०मध्ये महाराष्ट्र झाला. अशा माणसापुढे ‘जन्म : बाभळगाव, महाराष्ट्र’ छापणं म्हणजे महाराष्ट्र दिन पंधरा वर्षं आधीच उरकून टाकणं! जाणता संपादक आधी गाव लिहितो, मग जन्मावेळचा जिल्हा आणि राज्य. आजचं नाव कंसात.

१९५६च्या फेरमांडणीने तर भल्याभल्या कोशकारांना घाम फुटावा. उदगीर, अहमदपूर, निलंगा तोवर बीदर जिल्ह्यात, किनवट आदिलाबादमध्ये. उलट आज तेलंगणात असलेलं भैंसा तेव्हा नांदेड जिल्ह्यातलं. त्यामुळे १९५० साली भैंशात जन्मलेला माणूस अस्सल नांदेडकर आणि उदगीरचा त्याच्याच वयाचा माणूस बीदरचा. सांगून बघा उदगीरकरांना!

देशाचा रकाना आला की खरी पंचाईत. १५ ऑगस्ट १९४७ला देश स्वतंत्र झाला, पण नांदेड-लातूर १७ सप्टेंबर १९४८पर्यंत निजामाकडेच. त्या तेरा महिन्यांतल्या बाळांपुढे ‘हैदराबाद संस्थान’ लिहून थांबावं, हे बरं.

आडनावावर तर मुळीच विसंबू नये. शिवराज पाटील चाकूरकर जन्मले चाकूरलाच. पण नांदेड गाजवणारे नरहर कुरुंदकर जन्मले कुरुंद्याला नव्हे, नांदापूरला. कुरुंदा आणि नांदापूर दोन्ही तेव्हा परभणी जिल्ह्यात, १९९९पासून हिंगोलीत. त्यात पहिलं बाळंतपण माहेरी, त्यामुळे थोरल्याचं जन्मगाव बहुधा आजोळ असतं. ‘जन्म’ आणि ‘मूळ गाव’ हे रकाने वेगळे हवेत ते यासाठीच.

नांदेडचे म्हणून मिरवावेत असे कितीतरी बाहेर जन्मलेले. शंकरराव चव्हाण पैठणचे. ज्यांच्या नावाने नांदेडचं विद्यापीठ आहे ते स्वामी रामानंद तीर्थ विजापूरकडच्या सिंदगीचे. गुरु गोविंदसिंगजी तर पाटण्याचे. आता नांदेड सोडा, खुद्द ज्ञानकोशकार केतकर? १८८४ साली जन्म रायपूरला. तेव्हा मध्य प्रांत, मग मध्य प्रदेश, २०००पासून छत्तीसगड. कोशकारही सुटला नाही!

राज्य बदलो, जिल्हा बदलो, गाव तरी जागच्या जागी राहतं, असं म्हणाल तर औसा तालुक्यातलं किल्लारी बघा. ३० सप्टेंबर १९९३च्या भूकंपानंतर ते दुसऱ्या जागी वसवलं गेलं. १९६० साली तिथे जन्मलेल्याची नोंद अशी व्हायला हवी : जुने किल्लारी, ता. औसा, जि. उस्मानाबाद (आता जि. लातूर).