कचेरी कुणाच्या गावाला?

कचेरी आली की गावात मुद्रांकविक्रेता येतो, अर्ज लिहून देणारा येतो, चहाची टपरी चालू लागते. तीच कचेरी शेजारच्या गावी गेली, की माणसं कोर्टाची पायरी चढतात.

१९८५ साली आंध्र प्रदेशात एन. टी. रामाराव सरकारने तालुक्यांच्या जागी लहान महसुली मंडलं आणली. प्राथमिक अधिसूचनेत एका गावाचं नाव आणि अंतिम अधिसूचनेत दुसऱ्याचं, असं काही ठिकाणी झालं. मुख्यालय निवडण्याचे निकष सरकारनेच ठरवले होते. त्यांवर बोट ठेवून गावकरी उच्च न्यायालयात गेले. काहींना दाद मिळाली, काहींना नाही.

१९८८ साली रघुपती खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने वाद मिटवला. मुख्यालय कुठे असावं, हे ठरवणं सरकारचं काम. ते निकष म्हणजे खात्याच्या सूचना, कायदा नव्हे.

निकाल कायद्याला धरून होता. पण दाखल्यासाठी दिवसाची मजुरी बुडवणाऱ्या माणसाला अंतर पायांनीच मोजावं लागतं. म्हणून वाचकहो, हरकती मागवणारी नोटीस लागते ना, ती वेळेवर वाचावी. आपलं अंतर सरकारला ऐकवण्याची खरी संधी तीच. पुढे कोर्टात चर्चा होते ती अधिकाराची.