कोळंबी, लिंबू आणि अमाईन

सोलापूर-पुणे महामार्गावरील चिंचोळीच्या औद्योगिक वसाहतीत जी नाना रसायने सिद्ध होतात त्यांत अमाईन नामक कुळाचा मान मोठा आहे. सोलापूरच्याच बालाजी अमाईन्स या कंपनीने हा उद्योग प्रथम जवळच्या तामलवाडीत मांडला आणि पुढे चिंचोळीत वाढविला. मिथेनॉल आणि अमोनिया यांचा उच्च तापमानास उत्प्रेरकाच्या सान्निध्यात संयोग घडविला म्हणजे तीन मिथिलअमाईन्स हाती येतात, आणि त्यांतील तिसरे, ट्रायमिथिलअमाईन, अवघ्या ३ अंश सेल्सिअसला उकळत असल्यामुळे आपल्या हवेत ते वायुरूपानेच वावरते. त्याचा वास ओळखण्यासाठी कोणी कारखान्याचे फाटक ओलांडावयास नको. बाजारातून आणलेल्या शिळ्या कोळंबीची पिशवी उघडली तरी पुरे, कारण तो वास मुख्यत्वे याच द्रव्याचा असतो.

हा विषय निघण्याचे कारण म्हणजे व्हिएतनामी धर्तीचा एक पदार्थ, जो अलीकडे शहरांतील हौशी स्वयंपाकघरांत शिरला आहे. उकडलेली कोळंबी, तांदळाच्या बारीक शेवया, पुदिना, कोथिंबीर, काकडी आणि गाजराचा कीस हे सारे लेट्यूसच्या पानात ठेवून हाताने गुंडाळावयाचे, आणि मासळीचे आंबविलेले पाणी, लिंबू, साखर, लसूण व मिरची यांच्या पातळ चटणीत बुडवून खावयाचे, एवढाच त्याचा विधी. आपल्या कालवणात आमसूल, आले, लसूण, हळद आणि नारळाचे वाटण यांच्या बंदोबस्तात कोळंबीचे पुष्कळसे दोष झाकले जातात. येथे तिच्या अंगावर मसाल्याचे पांघरूणच नसते, आणि म्हणून या पदार्थातील यशापयशाचा सगळा मामला अखेर त्या एका अमाईनपाशी येऊन ठेपतो.

समुद्राचे पाणी खारट, आणि जिवंत पेशीतील पाणी त्या मानाने कमी खारट. अशा स्थितीत पेशीतील पाणी बाहेर खेचले जाऊन प्राणी सुकून जावयाचा. म्हणून समुद्रातील जीव आपल्या पेशींत काही निरुपद्रवी विद्राव्य पदार्थांचा साठा करून बाहेरच्या क्षाराशी समतोल राखतात. ग्लायसिनसारखी मुक्त अमिनो आम्ले हा त्यातील एक भाग, आणि समुद्री कोळंबीला जी गोडी असते ती बव्हंशी त्यांचीच देणगी. दुसरा भाग ट्रायमिथिलअमाईन ऑक्साईडचा, ज्याला स्वतःला वास नाही. प्राणी मेला की जिवाणूंचा अंमल सुरू होतो, ते या ऑक्साईडमधील ऑक्सिजन काढून घेतात, आणि मागे उरते ते दुर्गंधी अमाईन, जे हवेच्या एक अब्ज भागांत एक भागाहून कमी असले तरी मानवी नाकाला कळते. गंमत अशी की आपले यकृत नेमके उलट काम करते: तेथील एक विकर पोटात गेलेल्या अमाईनला पुन्हा ऑक्सिजन जोडून गंधहीन करून टाकते, आणि ज्यांच्यात हे विकर जन्मतःच सदोष असते त्यांच्या घामालाही मासळीचा वास येतो.

उजनीच्या जलाशयातील मासळीवर वाढलेल्या सोलापूरकराला हा वास परका वाटतो, याचेही कारण येथेच सापडते. गोड्या पाण्यातील जीवांना क्षाराशी झुंजावे लागत नाही, त्यांच्या अंगी हा ऑक्साईड अल्प असतो. त्यांचा दोष म्हणजे मातकट वास, जो जिओस्मिन या निराळ्याच द्रव्याचा. आम्लाने ते नासते, म्हणून उजनीच्या माशाला चिंच लावण्याची रीत रसायनशास्त्राच्या दफ्तरातही मंजूर आहे.

ट्रायमिथिलअमाईन हा एक दुर्बल अल्क आहे, आणि लिंबाच्या रसाचे आम्ल त्यास भेटले म्हणजे त्याचा क्षार बनतो, जो पाण्यात विरघळतो पण उडत नाही; आणि जे उडत नाही ते नाकापर्यंत पोहोचत नाही. कोळंबी सोलल्यावर हातांना लिंबू चोळणाऱ्या गृहिणी ही प्रक्रिया पिढ्यान्‌पिढ्या करीत आल्या आहेत. याची उलट बाजूही ध्यानात ठेवावी: कोळंबी कुरकुरीत व्हावी म्हणून काही जण तिला खाण्याचा सोडा लावून ठेवतात, पोत खरोखर सुधारतो, पण अल्काच्या संगतीत बांधलेला अमाईन पुन्हा मोकळा होतो. सोडा लावावा, मात्र पंधरा मिनिटांनी भरपूर पाण्याने धुऊन टाकावा आणि लिंबू त्यानंतरच पिळावे.

उकडण्याच्या बाबतीत थोडक्यात सांगतो. कच्च्या कोळंबीत ॲस्टॅक्सँथिन हे तांबडे रंगद्रव्य प्रथिनाच्या पकडीत असल्यामुळे करडे-निळसर दिसते, उष्णतेने प्रथिन विस्कटले की रंग सुटतो. शेवंडीतील अशा प्रथिनाची स्फटिकरचना २००२ साली उलगडली. मध्यम आकाराच्या सोललेल्या कोळंबीला उकळत्या पाण्यात दोन-तीन मिनिटे पुरतात. मांस दुधी अपारदर्शक झाले की लागलीच बर्फाच्या पाण्यात टाकावी, नाहीतर आतल्या उष्णतेनेच तिचे रबर होते.

पानांचा प्रश्न सोलापुरात अधिक बिकट. लेट्यूस थंडीचे पीक. चाळिसाच्या वर पारा जाणाऱ्या मुलखात ते लवकर तुऱ्यावर येते आणि कडू होते. विकत आणलेले पान अर्धा तास गार पाण्यात बुडविले तर पेशी पाणी शोषून पुन्हा ताठ होतात. चटणी मात्र पानावर ओतू नये, कारण मीठ तेच पाणी बाहेर ओढून काढते. मला स्वतःला आपल्या रानातली पाथरी अधिक पसंत आहे. भाकरीबरोबर कच्ची खाल्ली जाणारी ही भाजी लेट्यूसच्या जवळच्या भाऊबंदांपैकी, तोडल्यावर तिच्याही देठातून चीक येतो, आणि गुंडाळीसाठी पान लहान पडले तरी चिरून आत घालण्यास ती उत्तम.

चटणीतले ते मासळीचे पाणी, ज्याला व्हिएतनाममध्ये नुओक माम म्हणतात, मांदेलीच्या कुळातील लहान मासे आणि मीठ तीनास एक या प्रमाणात सुमारे वर्षभर पिंपात ठेवून काढले जाते. फु कॉक बेटावरच्या अशा पाण्याला २०१२ साली युरोपीय संघाने नामसंरक्षणही दिले. माशांच्या आतड्यांतील विकरे प्रथिने तोडून त्यांची चवदार अमिनो आम्ले बनवितात आणि मीठ कुजविणाऱ्या जिवाणूंना आवर घालते. त्यातही अमाईन असतेच, आणि लिंबाची तजवीज तेथेही त्याचसाठी. वरून भरड शेंगदाणे पेरण्याचा तिकडचा प्रघात सोलापूरच्या शेंगाचटणीने निभावता येतो, पण मग मिरची कमी घालावी.

एक गोष्ट मात्र निक्षून सांगितली पाहिजे. लिंबू वास बांधते, जिवाणूंनी केलेले नुकसान भरून काढीत नाही. अमाईनचा वास हा कोळंबी किती काळ उघडी राहिली याचा जबाब असतो, आणि आम्ल घालताच तो जबाब पुसला जातो. समुद्रापासून शेकडो किलोमीटर दूर राहणाऱ्याने म्हणून गाड्यावरील ‘ताज्या’ कोळंबीपेक्षा उणे १८ अंशांवर गोठविलेले पाकीट घ्यावे, ते रात्रभर फ्रिजमध्ये सुटू द्यावे, आणि लिंबू हाती घेण्यापूर्वी एकदा वास घ्यावा; तो उग्र असेल तर कोळंबी टाकून द्यावी आणि त्या दिवशी पानात पनीर गुंडाळावे.