हॉग मार्केटचे जटायू, पुण्याचे डॉक्टर

कलकत्त्यात एस्प्लनेडला उतरलं की हॉग साहेबाचा बाजार, म्हणजे आजचं न्यू मार्केट, हाकेच्या अंतरावर. गुप्तहेर फेलूदाची काठमांडूची कथा सुरू होते ती या बाजाराचे गोडवे गात, आणि गाणारे असतात त्याचे लेखक-मित्र लालमोहन गांगुली ऊर्फ जटायू. वडील सत्यजित राय यांची ही कथा संदीप राय यांनी १९८६ साली दूरदर्शनसाठी हिंदीत आणली, ‘किस्सा काठमांडू का’. शशी कपूर फेलूदा, उत्पल दत्त खलनायक मगनलाल, ‘दीवार’मधला छोटा विजय अलंकार जोशी फेलूदाचा चुलतभाऊ तोपसे आणि जटायू आपले डॉ. मोहन आगाशे. फेलूदा-तोपसे-जटायू या त्रिकुटातले दोघे मराठी! दूरदर्शनच्या आठवणींचे कढ काढणाऱ्या आमच्या लेखकांना याचा पत्ताच नसतो.

कलकत्त्याचे जाणकार म्हणतात, जटायू एकच, संतोष दत्त. ‘सोनार केल्ला’ (१९७४) आणि ‘जय बाबा फेलुनाथ’ (१९७९) पाहिलेला माणूस दुसरं काय म्हणणार? पण म्हणून आगाशेंना तळटीपेत ढकलायचं? संतोष दत्त पेशाने वकील, आगाशे मनोविकारतज्ज्ञ. दोघांचं पोट कॅमेऱ्यावर नव्हतं, म्हणून फुटेज खाण्याची हाव नव्हती, असं माझं जुनं मत आहे. ते कोणाला पटत नाही, न पटो.

‘घाशीराम कोतवाल’ नाटकातल्या (१९७२) आगाशेंच्या नाना फडणवीसांबद्दल पुष्कळ लिहून झालंय. ‘निशांत’, ‘मंथन’, ‘भूमिका’ही सर्वांना पाठ आहेत. मला थांबायचंय ‘सद्गती’पाशी. प्रेमचंदांच्या कथेवर सत्यजितबाबूंनी १९८१ साली दूरदर्शनसाठी केलेला हा तासाभराच्या आतला चित्रपट. ओम पुरी दुखी, स्मिता पाटील झुरिया आणि आगाशे पंडित घासीराम. रंगभूमीवर घाशीरामला नाचवणारा नट इथे स्वतःच घासीराम, हा योगायोग मला भारी गमतीचा वाटतो.

पंडिताचं लाकूड फोडता फोडता दुखी मरतो. प्रेत उचलायला कोणी येत नाही. मग पंडित काठीने त्याचा पाय जरासा वर करतो, घोट्यात दोरीचा फास अडकवतो आणि ओढत नेतो. त्या वेळी आगाशेंकडे बघा. क्रौर्याचा लवलेश नाही. चेहऱ्यावर आहे ती केवळ पंचाईत : विटाळ न होता हे निस्तरायचं कसं! नंतर ते जागेवर पाणी शिंपडतात तेही रोजच्या आन्हिकासारखं. खलनायक रंगवला असता तर प्रेक्षक सुटला असता. इथे तो सुटत नाही, कारण असा माणूस त्याच्या ओळखीचा असतो. दुय्यम भूमिकेने मुख्य शोकांतिका पेलणं म्हणजे काय, ते इथे दिसतं.

आगाशेंची पुढची वर्षं भराभर सांगतो : १९९० साली पद्मश्री, मग पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटचं संचालकपद, २००८च्या सुमाराला ‘अग्निहोत्र’ ही मालिका. तिकडे १९९६ साली फेलूदा बंगालीत छोट्या पडद्यावर आला तेव्हा जटायू झाले रवी घोष. तेही थोर नट.

‘अग्निहोत्र’मध्ये थोरल्या नटांना निदान वाक्य पूर्ण करायला सवड मिळे. आताच्या मालिकांत आजोबा, काका, वकीलसाहेब यांच्या वाट्याला काय येतं? कोणी ‘मी लग्न करणार नाही’ म्हटलं की प्रत्येकाच्या तोंडावर तीन-तीनदा कॅमेरा आदळतो, मागे ढॅण् ढॅण्, आणि महाएपिसोड संपतो. संवादाची पानं सेटवर गरमागरम येतात. समोरच्याचं ऐकून घेणं हा निम्मा अभिनय, पण ऐकायला वेळ आहे कुणाला? चॅनेलवाले सांगतात, प्रेक्षकाला हेच हवं. ‘सद्गती’ पाहिला तोही प्रेक्षकच होता, आणि तेव्हा त्याच्या हातात रिमोटसुद्धा नव्हता.