प्रणयपटातील पदवीधर

रामदासपेठेपासून जवळच असलेल्या दीक्षाभूमीवर १४ ऑक्टोबर १९५६ रोजी ज्यांच्या आजीआजोबांनी बाबासाहेब आंबेडकरांसमवेत बौद्ध धम्मदीक्षा घेतली, त्यांची नातवंडे आज नागपुरात डॉक्टर, वकील आणि सरकारी अंमलदार म्हणून सन्मानाने वावरत असताना, मराठी प्रणयविनोदी चित्रपटाने मात्र त्यांची फारशी दखल घेऊ नये, याचा मला मनस्वी खेद वाटतो. ‘मुंबई-पुणे-मुंबई’ची जोडी प्रधान आणि देशपांडे या उच्चवर्णीय आडनावांची; ‘फँड्री’ (२०१३) आणि ‘सैराट’ (२०१६) यांनी उपेक्षित जातीतील तरुणाचे प्रेम सामर्थ्याने चित्रित केले खरे, परंतु त्याच्या पदरी अवहेलना अथवा मृत्यूच पडला.

अमेरिकेतील कृष्णवर्णीय कलावंतांनी ही कोंडी पूर्वीच फोडली. ‘बूमरँग’ (१९९२) मधील जाहिरात अधिकारी किंवा ‘द बेस्ट मॅन’ (१९९९) मधील कादंबरीकार हे थट्टामस्करी करतात, चुकतात, प्रेमात पडतात. दुःख हाच त्यांच्या कथेचा एकमेव ऐवज नसतो.

आपल्याकडे दिग्दर्शक नीरज घायवान यांनी ‘मेड इन हेवन’ या हिंदी मालिकेच्या २०२३ मधील एका भागात राधिका आपटे यांनी साकारलेली पल्लवी मेंके ही दलित विदुषी उभी केली. आपला विवाह बौद्ध पद्धतीनेही व्हावा, असा आग्रह ती सासरच्यांपुढे निःसंकोच धरते, आणि पांढऱ्या साडीतील त्या वधूच्या मुद्रेवर अभिमान व आनंद एकत्रच दिसतो. असे धैर्य मराठी प्रणयपटाच्या निर्मात्यांनी दाखवावे, ही अपेक्षा मी आग्रहपूर्वक नोंदवितो.