हक्काच्या रूपाने आलेला कमीपणा

स्वतःची योग्यता ओळखावी, स्वतःला हलके लेखू नये, असा उपदेश अलीकडे फार ऐकू येतो आणि त्यामागील हेतूही स्वच्छ असतो. परंतु माणूस मुळात स्वतःला हलके का लेखू लागतो, आणि एकदा अंगवळणी पडलेला तो कमीपणा टाकताना त्याला नेमके कशावर पाणी सोडावे लागते, याचा विचार त्या उपदेशात क्वचितच आढळतो. तो विचार 1927 साली कोकणातील महाड येथे, ज्यांना अक्षरओळखही होऊ दिली गेली नव्हती अशा हजारो माणसांसमोर, अत्यंत परखडपणे मांडला गेला. आणि आत्मसन्मानाविषयी मराठीत आजवर जे बोलले गेले त्यात त्याहून मोलाचे मला दुसरे काही दिसत नाही.

महाडच्या चवदार तळ्याची हकीकत सर्वश्रुत आहे. सार्वजनिक पाणवठे, धर्मशाळा, शाळा आणि कचेऱ्या अस्पृश्य गणलेल्यांना मोकळ्या असाव्यात, असा सीताराम केशव बोले यांचा ठराव मुंबईच्या कायदे कौन्सिलने 1923 मध्ये मंजूर केला होता, महाडच्या नगरपालिकेने 1924 मध्ये तळे सर्वांना खुले केल्याचे दप्तरी नमूदही केले होते, आणि तरीही मार्च 1927 मध्ये कुलाबा जिल्हा बहिष्कृत परिषदेला जमलेल्या लोकांकरिता चालकांना 40 रुपयांचे पाणी विकत घ्यावे लागले. 20 मार्चला डॉ. आंबेडकर आणि त्यांच्यामागोमाग परिषदेचे लोक तळ्यावर गेले, पाणी प्याले, आणि हे लोक आता वीरेश्वराच्या देवळात शिरणार अशी आवई उठून त्यांच्यावर काठ्या चालल्या. हा प्रसंग इतका मोठा, की त्याच्या आदल्या दिवशी झालेले भाषण त्याच्या सावलीत झाकले गेले. त्या भाषणात बाबासाहेबांनी परक्यांकडे काही मागितले नव्हते, आपल्याच माणसांकडे मागितले होते: राहणी सुधारा, बोलण्यातले उच्चार सुधारा, विचारांत जोम आणा, मेलेल्या जनावराचे मांस खाणे आणि शिळेपाके मागणे बंद करा, आणि वतनाचा मोह सोडून शेतीकडे वळा.

यातील शेवटची मागणी सर्वांत कठीण होती. महारकीच्या, म्हणजे महारांकडे वंशपरंपरेने आलेल्या गावकामाच्या, वतनदाराने सरकारी वसूल तालुक्याच्या खजिन्यापर्यंत पोचवायचा, गावच्या शिवेची राखण करायची, कामगार-अंमलदार गावी आले की त्यांच्या तैनातीत राहायचे, मृत्यूची वार्ता रात्री-अपरात्री परगावी न्यायची, मेलेले ढोर ओढून गावाबाहेर काढायचे. कामाला वेळ नाही, हद्द नाही, आणि वतनदार स्वतः हजर नसेल तर घरातील दुसऱ्या कोणी राबायचे. याचा मोबदला म्हणजे पिढ्यान्‌पिढ्या वाटण्या होऊन नावापुरती उरलेली इनाम जमीन, खळ्यावरचे बलुते, दारोदार फिरून गोळा केलेली भाकरी आणि मेलेल्या ढोराचे कातडे व मांस. आता यातील मर्मभेदक गोष्ट अशी, की या मोबदल्याला कोणी भीक म्हणत नसे. त्याला हक्क म्हणत. बेदरच्या बादशहाने सनद देऊन महारांना बावन्न हक्क बहाल केले, अशी परंपरागत समजूत होती. त्या हक्कांसाठी भाऊबंदांत पाळ्या ठरत आणि पाळ्यांवरून भांडणेही होत. ज्या भाकरीबरोबर अवहेलना पदरात पडत होती त्याच भाकरीवर आपला मान अवलंबून आहे, असे माणसाला मनापासून वाटावे, याहून पक्की बेडी कोणत्या लोहाराने घडवली असती?

अपमान उघड्या रूपाने आला तर माणूस कधी ना कधी उसळतो. परंतु तो हक्काच्या, मानाच्या, परंपरेच्या वेषात आला, म्हणजे त्याचे रक्षण करायला तो अपमानित माणूसच पुढे सरसावतो. बाबासाहेबांनी हे ओळखले, आणि ते ओळखण्याची किंमत त्यांनी स्वतः मोजली होती. कोलंबिया विद्यापीठातील अध्ययन पाठीशी घेऊन ते 1917 मध्ये बडोदे सरकारच्या नोकरीत रुजू झाले, तेव्हा कचेरीतील शिपाई विटाळाच्या भीतीने त्यांच्या मेजावर कागद दुरून टाकीत, आणि पारशी वसतिगृहात त्यांनी मिळवलेली खोली दांडकी घेऊन आलेल्या लोकांनी रिकामी करायला लावली. जगातील थोर विद्यापीठाचे प्रशस्तिपत्रही जेथे एका खोलीइतके आश्रयस्थान मिळवून देत नाही, तेथे आपले मोल इतरांच्या हिशेबावर सोपवणे हे आत्मनाशाचे ठरेल, हे त्यांना पुस्तकातून शिकावे लागले नाही. पुढे 1928 मध्ये वतनासंबंधी 1874 चा कायदा दुरुस्त करण्याकरिता त्यांनी कौन्सिलात विधेयक आणले. ते तडीस गेले नाही, आणि महारकी वतने कायद्याने नष्ट व्हायला 1958 साल उजाडावे लागले. कायद्याची वाट पाहत बसणाऱ्याला तोवर तीस वर्षे मान खाली घालूनच काढावी लागली असती.

1927 च्याच डिसेंबरात महाडला पुन्हा परिषद भरली. मंडपासाठी जागा मिळाली ती एका मुसलमान गृहस्थाच्या मालकीची. मनुस्मृतीच्या दहनामुळे ही परिषद गाजली, तरी माझ्या मते तिच्यातील स्त्रियांपुढचे भाषणही तितकेच महत्त्वाचे आहे. लुगडे गुडघ्यापर्यंत आखूड नेसण्याची पद्धत, हातापायांत आणि गळ्यात जड, ओबडधोबड दागिने घालण्याची रीत, ही खालच्या जातीची खूण म्हणून अंगावर लादली गेली आहे, ती टाका, मुलींना शाळेत घाला, मेलेल्या ढोराचे मांस घरात शिजवू नका, असे बाबासाहेबांनी सांगितले. आणि लगेच अनेक स्त्रियांनी लुगडी घोट्यापर्यंत नेसली. ज्याला ही गोष्ट किरकोळ वाटते त्याने इतकेच ध्यानात घ्यावे, की ती नेसण घेऊन त्या स्त्रिया ज्या गावांत परतणार होत्या तेथे पाटलाच्या वाड्यावरून रोज त्यांना जावेच लागणार होते.

आत्मसन्मानाची लढाई गावाशी संपली तरी घरात ती उरतेच. बाबासाहेबांच्या चळवळीत वाढलेल्या, फलटणच्या बेबी कांबळे यांचे उदाहरण मला वारंवार आठवते. घरच्या लहानशा दुकानात, वाणसामान बांधायला आणलेल्या रद्दीतील कागद वाचून त्यांनी आपली वाचनाची भूक भागवली, आणि आपल्या समाजातील स्त्रियांच्या जिण्याची कहाणी लिहून काढली. पण ते लिखाण त्या वर्षानुवर्षे नवऱ्यापासून आणि मुलापासून लपवून ठेवीत. फलटणला राहून काम करणाऱ्या मॅक्सीन बर्नसन यांच्या आग्रहाने ते उजेडात आले, आणि 1986 मध्ये ‘जिणं आमुचं’ हे पुस्तक निघाले. ज्या बाईला आपला समाज माणूस आहे हे ठामपणे ठाऊक होते, तिलाही आपण लेखिका आहोत हे स्वतःच्याच घरात उघडपणे म्हणता येत नव्हते. आणि तरीही तिने लिहिणे थांबवले नाही, हे मला विलक्षण वाटते.

महारकीची दुःसह यातना आपल्यापैकी अनेकांच्या वाट्याला आलेली नाही, आणि आपल्या लहानसहान मानहानीची तिच्याशी बरोबरी करणे अप्रामाणिकपणाचे होईल. तथापि कमीपणाला मानाचा वेष चढवण्याची रीत मात्र सर्वत्र तीच आहे. सर्वांच्या मागून, उरलेसुरले जेवणाऱ्या सुनेला सोशीक म्हणून वाखाणले जाते. साहेबाची घरगुती कामे मुकाट्याने करणाऱ्या कारकुनाला विश्वासू म्हणून शाबासकी मिळते. आणि ती शाबासकी गमावण्याच्या भीतीने दोघेही जन्मभर वाकतात. असा वाचक वा अशी वाचिका हे वाचत असेल, तर त्यांनी आपल्याला मिळणारी कोणती स्तुती ही केवळ वाकण्याची मजुरी आहे, हे आधी शोधून काढावे आणि ती घेणे बंद करावे. आणि ज्यांच्या घरात एखादी बाई चोरून लिहीत असेल, चोरून शिकत असेल, त्यांनी तिला आजच सांगावे, की आम्हाला वाचून दाखव.