नट दिग्दर्शक का होतो?

पडद्यावर नाव मिळवलेला नट पडद्यामागे का जातो? व्ही. शांताराम यांच्या उदाहरणाने आपण याचा विचार करू.

कोल्हापूरच्या बाबूराव पेंटरांच्या कंपनीत ते पडेल ते काम शिकले. १९२५ च्या ‘सावकारी पाश’मध्ये त्यांनी, जमीन सावकाराकडे जाऊन शहराची वाट धरणारा तरुण शेतकरी रंगवला. कर्जापायी वावर जाणे म्हणजे काय, हे आम्हां परभणीकरांना निराळे सांगायला नको.

परंतु नट मांडलेले दुःख दाखवतो. कोणते दुःख मांडायचे, हे दिग्दर्शक ठरवतो. शांताराम १९२७ साली दिग्दर्शक झाले, १९२९ साली सहकाऱ्यांसह त्यांनी ‘प्रभात’ स्थापन केली आणि ती निवड त्यांच्या हाती आली. १९३७ च्या ‘कुंकू’त म्हाताऱ्याशी लावलेले लग्न नाकारणारी नीरा त्यांनी उभी केली. १९५७ च्या ‘दो आँखें बारह हाथ’मध्ये ते स्वतःच दिग्दर्शक आणि स्वतःच, सहा खुनी कैद्यांना माळरान कसायला लावणारे जेलर.

आधी मातीला मुकलेला शेतकरी, मग मातीने माणसात आणलेले कैदी! पहिले चित्र दुसऱ्याचे, हे त्यांचे स्वतःचे. नट दिग्दर्शक होतो तो यासाठीच.