टेकडीवरचे चर्च

सोनाळ्याहून उत्तरेला पाहिले की सातपुड्याचे डोंगर दिसतात. या डोंगरांचा दगड काळा आहे. आपल्या जिल्ह्यातील लोणारचे दैत्यसूदन मंदिरही काळ्या दगडाचेच आहे. समुद्राकाठी, गोव्यात, मात्र तांबडा जांभा दगड सापडतो. या जांभ्याचे एक जुने चर्च आज आपण पाहू.

पणजीहून पूर्वेला सुमारे दहा किलोमीटरवर मांडवी नदीच्या काठी जुने गोवे आहे. तेथील एका टेकडीवर हे चर्च उभे आहे. त्याचे नाव रोझरी मातेचे चर्च. रोझरी म्हणजे जपमाळ. तुमच्या घरी आजी तसबीह ओढते ना, तशीच ख्रिस्ती लोकांची ही माळ.

सोळाव्या शतकाच्या आरंभी गोवा विजापूरच्या आदिलशाहीत होता. २५ नोव्हेंबर १५१० रोजी आफोन्सो द आल्बुकर्क या पोर्तुगीज सेनापतीने तो जिंकून घेतला. लढाई चालू असताना तो याच टेकडीवरून ती पाहत होता आणि जय मिळाल्यास येथे चर्च बांधीन, असा नवस त्याने केला होता, असे सांगतात. जय मिळाल्यावर त्याने शहरातील मुसलमानांची कत्तल करविली. स्त्रिया व मुलेही सुटली नाहीत. हे त्याने स्वतःच आपल्या राजाला पत्राने कळविले होते. चर्च पाहताना हेही आपल्याला ठाऊक असावे.

आल्बुकर्क १५१५ मध्ये मरण पावला. चर्चचे काम त्यानंतर झाले आणि १५४९ च्या सुमारास पुरे झाले. दुरून पाहिले तर ही इमारत एखाद्या गढीसारखी वाटते. भिंती जाड, खिडक्या लहान आणि उंचावर, कोपऱ्यांना गोल बुरूज. नवे राज्य, शत्रू जवळ. मग देवाचे घरही किल्ल्यासारखे झाले, यात नवल ते काय! बाहेरच्या बाजूस पीळ घातलेल्या दोरखंडासारखी नक्षी आहे. पोर्तुगीज लोक दर्यावर्दी होते. जहाजाचे दोर त्यांनी दगडातही आणले. त्यांच्या मान्युएल राजाच्या नावावरून या शैलीला मान्युएलीन म्हणतात.

आत गेल्यावर कमानी दिसतात. कमान हा शब्द मराठीत फारसीतून आला. त्याचा मूळ अर्थ धनुष्य, हे तुम्हांला सांगायला नकोच.

आता दगडाकडे वळू. जांभा खाणीतून काढताना मऊ असतो, वाऱ्याने पुढे कठीण होतो. पण त्याला बारीक छिद्रे असतात आणि कोकणचा पाऊस तर धो धो! म्हणून त्यावर चुन्याचा गिलावा द्यावा लागतो. गिलावा आणि छप्पर यांची निगा राखली नाही तर काय होते, हे याच टेकडीवर दिसते. शेजारी संत ऑगस्टीनचे चर्च होते. ते याहून कितीतरी मोठे. १८३५ मध्ये ते ओस पडले, १८४२ मध्ये त्याचे छत कोसळले. आज त्याच्या मनोऱ्याचा एक उंच भाग तेवढा उरला आहे. लहान चर्च मात्र टिकले.

या चर्चमध्ये सर्वांत सुंदर आहे ती एक कबर. गार्सिया द सा या पोर्तुगीज गव्हर्नराची पत्नी कातारिना हिची ती आहे. भारतात आलेल्या पहिल्या पोर्तुगीज स्त्रियांत तिची गणना होते. कबरीवरचा लेख पोर्तुगीज भाषेत आहे. पण भोवतालची नाजूक वेलबुट्टी पाहा. ती पोर्तुगालची नव्हे. अशी नक्षी गुजरातेतील मशिदींत आणि मकबऱ्यांत आढळते. ती कोरणाऱ्या कारागिराचे नाव कोठेही लिहिलेले नाही.

टेकडी उतरून नदीच्या बाजूने पूर्वेकडे चालत गेलात, तर संत कायतानच्या चर्चजवळ एक एकटेच दार उभे दिसेल. मागे भिंत नाही, वर छप्पर नाही. आदिलशहाच्या वाड्याचे एवढेच शिल्लक आहे. पुढे पोर्तुगीज गव्हर्नरही बरीच वर्षे त्याच वाड्यात राहिले, आणि १८२० मध्ये तो पाडला गेला. दाराजवळ जाऊन दगडाला हात लावून पाहा. आजूबाजूला सगळा तांबडा जांभा, पण हे दार काळ्या दगडाचे आहे, आपल्याकडच्या दगडासारखे.